फर्मच्या नोंदणीची प्रमाणित प्रत: काय मागायचं, कुठे मागायचं आणि हातात आल्यावर काय तपासायचं

बँकेने, टेंडर काढणाऱ्या खात्याने किंवा वकिलाने ‘फर्म रजिस्ट्रेशनची सर्टिफाईड कॉपी आणा’ असं सांगितलं की धंद्यात नवा असलेला माणूस एक ठरलेली गोष्ट करतो. घरच्या फाइलमधलं प्रमाणपत्र काढतो, झेरॉक्स मारतो, नोटरीकडून ‘खरी प्रत’ असा शिक्का घेतो आणि नेऊन देतो. पुष्कळदा तो कागद परत येतो आणि कर्जाची फाइल आठवडाभर तशीच पडून राहते. नोटरीचा शिक्का एवढंच सांगतो की ही झेरॉक्स समोर दाखवलेल्या कागदाशी जुळते. सरकारी नोंदवहीत आज काय लिहिलंय, याची हमी नोटरी देऊ शकत नाही. ती हमी फक्त ज्याच्या ताब्यात नोंदवही आहे तो अधिकारी देऊ शकतो, आणि त्याच्या सहीची प्रत काढणं वाटतं तितकं अवघड नाही.

हा लेख मुख्यतः महाराष्ट्रातल्या भागीदारी फर्मसाठी आहे. वडिलांच्या किंवा काकांच्या फर्ममध्ये नुकतेच भागीदार झालेले, मित्राबरोबर नवी फर्म काढलेले, किंवा दुकानात हिशोब सांभाळता सांभाळता सरकारी कामंही अंगावर आलेले, अशा सगळ्यांना तो उपयोगी पडावा.

आधी धंदा कुठे नोंदलाय ते बघा

‘धंद्याचं रजिस्ट्रेशन’ या एका शब्दाखाली लोक पाच-सहा वेगवेगळे कागद मोजतात, आणि निम्मा घोळ इथेच होतो.

दुकानात भिंतीवर लावलेला कागद बहुधा शॉप अ‍ॅक्टचा असतो. मुंबईतले जुने व्यापारी त्याला अजून गुमास्ता म्हणतात. महाराष्ट्रात डिसेंबर २०१७ पासून नवा दुकाने व आस्थापना कायदा लागू झाला. त्या मूळ कायद्याप्रमाणे १० पेक्षा कमी कामगार असतील तर नोंदणी नसते, नुसती सूचना द्यावी लागते आणि त्याची पावती मिळते. ही पावती किंवा प्रमाणपत्र ज्या पोर्टलवरून काढलं तिथल्याच खात्यात लॉगिन करून पुन्हा उतरवून घेता येतं. जीएसटीचं प्रमाणपत्र जीएसटी पोर्टलवर लॉगिन केल्यावर सेवांच्या यादीत ‘प्रमाणपत्र पाहा व डाउनलोड करा’ या ठिकाणी मिळतं, पैसे लागत नाहीत. उद्यम, म्हणजे लघुउद्योगांच्या नोंदणीच्या प्रमाणपत्राचंही तसंच: नोंदणी क्रमांक टाका, मोबाइलवर आलेला ओटीपी टाका, छापून घ्या. उद्यमची प्रत काढून देतो म्हणून हजार-दोन हजार मागणाऱ्या वेबसाइट पुष्कळ आहेत आणि त्यांची नावं सरकारी वाटावीत अशीच ठेवलेली असतात. तिथे एक रुपयाही देऊ नका, उद्यमची नोंदणी आणि तिची प्रत दोन्ही मोफत आहेत.

प्रायव्हेट लिमिटेड कंपनी किंवा एलएलपी (मर्यादित दायित्वाची भागीदारी) असेल तर राज्य सरकारशी संबंध नाही. त्यांची नोंद केंद्राच्या कंपनी व्यवहार मंत्रालयाकडे असते आणि प्रमाणित प्रती त्या मंत्रालयाच्या पोर्टलवरूनच मागवायच्या असतात. एकट्याच्या मालकीचा धंदा असेल तर ‘फर्म रजिस्ट्रेशन’ नावाचा कागदच नसतो. बँकेला तसं स्पष्ट सांगा आणि शॉप अ‍ॅक्ट, जीएसटी, उद्यम यांपैकी काय चालेल ते विचारून घ्या.

नावावर जाऊ नका, हेही इथेच सांगतो. फर्मच्या नावात ‘अँड कंपनी’ असलं म्हणून ती कंपनी होत नाही. अशा फर्मची मंडळी मंत्रालयाच्या पोर्टलवर नाव शोधत बसतात, सापडत नाही, मग नोंदणीच झाली नव्हती की काय या काळजीत पडतात. भागीदारीपत्र असेल तर ती भागीदारी फर्म, आणि तिची नोंद राज्याच्या भागीदारी संस्था निबंधकाकडे. लोकांच्या तोंडात याचं नाव रजिस्ट्रार ऑफ फर्म्स. महाराष्ट्रात मुख्य कार्यालय मुंबईत वांद्रे पूर्वेला आहे, शिवाय पुणे, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगर इथे कार्यालयं आहेत.

प्रमाणपत्र वेगळं, नोंदवहीचा उतारा वेगळा

सगळ्या लेखातलं एकच लक्षात ठेवायचं असेल तर हे ठेवा. नोंदणीचं प्रमाणपत्र सांगतं की अमुक नावाची फर्म अमुक तारखेला नोंदली गेली. आज तिच्यात भागीदार कोण आहेत, हे ते सांगत नाही. ते सांगतो नोंदवहीचा उतारा. सुरुवातीचे भागीदार, नंतर आलेले, निवृत्त झालेले, पत्ता बदलला असेल तर तो, शाखा उघडली किंवा बंद केली असेल तर ती, असा फर्मचा सगळा प्रवास त्या एका पानावर किंवा दोन पानांवर असतो. सातबारा काढताना जसं खरेदीखत हातात असूनही आजचा उतारा मागतात, तसंच हे आहे.

याला कायद्याचा मोठा आधार आहे. भारतीय भागीदारी अधिनियम १९३२ चं कलम ६९ नोंदणी न केलेल्या फर्मला त्रयस्थाविरुद्ध करारातून आलेल्या हक्कासाठी दावा लावू देत नाही. एवढं बहुतेकांना ऐकून माहीत असतं. पण त्याच कलमात दुसरी अट आहे आणि तिच्याकडे दुर्लक्ष होतं: दावा लावणाऱ्या व्यक्तींची नावं फर्मच्या नोंदवहीत भागीदार म्हणून दाखवलेली असली पाहिजेत. म्हणजे फर्म नोंदलेली असूनही भागीदार बदलल्याची नोंद केली नसेल, तरी दावा अडतो. सर्वोच्च न्यायालयाने १९८९ साली श्रीराम फायनान्स कॉर्पोरेशनच्या प्रकरणात हेच सांगितलं. फर्म नोंदलेली होती, पण दावा दाखल झाला त्या दिवशीचे भागीदार नोंदवहीत नव्हते, आणि दावा टिकला नाही.

आता हे व्यवहारात कसं येतं ते बघा. इचलकरंजीतली सुताची फर्म समजा. वडील आणि काका यांनी वीस-पंचवीस वर्षांपूर्वी ती नोंदली. काका निवृत्त झाले, मुलगा आला, नवं भागीदारीपत्र स्टॅम्प पेपरवर झालं, बँकेत दिलं, जीएसटीत नाव चढवलं, पॅनच्या कामात दिलं. निबंधकाकडे मात्र कुणी गेलंच नाही. धंदा व्यवस्थित चालू असतो तोवर कुणाला काही जाणवत नाही. मग एखादा व्यापारी सात-आठ लाखांचं बिल बुडवतो, वकील दावा तयार करतात आणि समोरचा वकील पहिल्याच तारखेला नोंदवहीचा उतारा मागतो. उताऱ्यावर वडील आणि काका, दाव्यावर वडील आणि मुलगा. माल दिला, बिल खरं, सगळं खरं, तरी पैसे अडकले. म्हणून माझं आग्रहाचं सांगणं आहे की उतारा भांडणाच्या वेळी काढू नका. फर्ममध्ये पाऊल टाकताच, पहिल्या महिन्यात काढा. वडिलधाऱ्यांना वाईट वाटेल म्हणून संकोच करू नका. त्यांनी उभं केलेलं राखायचं असेल तर हा कागद हातात हवाच.

अर्ज करण्याआधी काय जमवायचं

फर्मचं नेमकं नाव, नोंदणी क्रमांक, नोंदणीची तारीख आणि मुख्य ठिकाणाचा पत्ता, या चार गोष्टी हाताशी असल्या तर काम लवकर होतं. क्रमांक मूळ प्रमाणपत्रावर असतो. ते हरवलं असेल तर जुनी कर्जाची फाइल, आधीच्या टेंडरची कागदपत्रं, सीएकडची कायमची फाइल ही ठिकाणं आधी धुंडाळा. बहुतेक वेळा एखादी झेरॉक्स सापडतेच. काहीच सापडलं नाही तर नाव आणि साधारण वर्ष देऊन कार्यालयात शोध घ्यायला अर्ज करावा लागतो. त्याला वेळ जास्त लागतो, म्हणून वर्षाचा अंदाज शक्य तितका जवळचा द्या. भागीदारीपत्राची तारीख इथे कामाला येते, कारण नोंदणी तिच्यानंतरचीच असणार.

नावाचं स्पेलिंग मूळ कागदावर जसं आहे तसंच लिहा. ट्रेडर्स आणि ट्रेडिंग, ब्रदर्स आणि ब्रोज, अँड हा शब्द आणि त्याचं चिन्ह, एवढ्याशा फरकाने शोधात फर्म दिसत नाही.

प्रमाणपत्र हरवलं म्हणून आधी पोलिसांत तक्रार केलीच पाहिजे, असं पुष्कळांना सांगितलं जातं. भागीदारी अधिनियमाच्या कलम ६७ मध्ये तशी अट नाही. त्या कलमाप्रमाणे ठरलेलं शुल्क भरून कोणतीही व्यक्ती नोंदवहीतल्या नोंदीची प्रमाणित प्रत मागू शकते. कोणतीही व्यक्ती, म्हणजे भागीदार असलंच पाहिजे असंही नाही. ज्या फर्मशी मोठा व्यवहार करणार आहात तिचाही उतारा तुम्ही काढू शकता, आणि उधारीवर माल देण्याआधी तो काढणं हे शहाणपणाचं आहे. कलम ६६ नोंदवही प्रत्यक्ष पाहण्याचाही हक्क देतं. हरवल्याची तक्रार मात्र बँकेने मूळ प्रमाणपत्र पाहायला मागितलं तर दाखवायला बरी पडते, म्हणून ती ऑनलाइन नोंदवून ठेवायला हरकत नाही. तिच्यासाठी प्रतीचा अर्ज थांबवू नका.

अर्ज

महाराष्ट्रात फर्मची कामं आता ऑनलाइन खाते उघडून सुरू करायची असतात. खाते फर्मच्या चालू मोबाइल आणि ईमेलवरच उघडा, एजंटच्या नव्हे. पुढच्या वेळी ओटीपी त्याच्या फोनवर जातो आणि तुम्ही त्याच्या सवडीवर अवलंबून राहता. जुन्या फर्मसाठी ऑनलाइन नोंद अपुरी दिसली तर कार्यालयात लेखी अर्ज द्या. तो साधारण असा असावा:

प्रति,
मा. निबंधक, भागीदारी संस्था, महाराष्ट्र राज्य, (कार्यालयाचे ठिकाण)

विषय: भारतीय भागीदारी अधिनियम, १९३२ च्या कलम ६७ अन्वये नोंदवहीतील नोंदीची प्रमाणित प्रत मिळणेबाबत.

महोदय,
मे. ……… ही भागीदारी संस्था आपल्या कार्यालयात नोंदणी क्रमांक ……… दिनांक ……… अन्वये नोंदलेली असून तिचे मुख्य ठिकाण ……… येथे आहे. सदर संस्थेच्या नोंदवहीतील संपूर्ण नोंदीची, म्हणजे सुरुवातीचे भागीदार, त्यानंतर दाखल व निवृत्त झालेले भागीदार आणि पत्ता व शाखांमधील बदल यांसह, आजच्या तारखेपर्यंतची प्रमाणित प्रत मला हवी आहे. प्रतींची संख्या: तीन. विहित शुल्क भरण्यास मी तयार आहे.

खाली नाव, पत्ता, मोबाइल, सही. सोबत ओळखपत्राची झेरॉक्स आणि जुन्या प्रमाणपत्राची झेरॉक्स असेल तर ती. ‘संपूर्ण नोंद’ आणि ‘आजच्या तारखेपर्यंत’ हे शब्द गाळू नका. नुसती ‘प्रमाणपत्राची प्रत’ मागितली तर प्रमाणपत्राचीच प्रत मिळेल आणि बँक पुन्हा उतारा मागेल. भागीदारीपत्राची प्रमाणित प्रत हवी असेल तर ती वेगळी लिहून मागा. उतारा मागितला की तीही येईल असं धरून चालू नका.

तीन प्रती मुद्दाम म्हणतो. एक बँक किंवा कोर्ट ठेवून घेतं, एक वकिलाकडे राहते, एक घरच्या फाइलला.

शुल्क सरकारने ठरवलेलं असतं, ते पोर्टलवर दिसेल तेवढं ऑनलाइन किंवा चलनाने भरा आणि पावती अर्जाला जोडा. चलनाचा क्रमांक मोबाइलमध्ये फोटो काढून ठेवा. कार्यालयात अर्ज देताना आपल्या दुसऱ्या प्रतीवर आवकचा शिक्का, क्रमांक आणि तारीख घेतल्याशिवाय टेबल सोडू नका. पुढचा सगळा पाठपुरावा त्या आवक क्रमांकावर चालतो. ‘साहेब, माझा अर्ज कुठवर आलाय’ याला उत्तर मिळत नाही, ‘आवक क्रमांक अमुक, तारीख अमुक’ याला मिळतं.

प्रत हातात आल्यावर

तिथेच, टेबलापाशी उभं राहून वाचा. घरी नेऊन वाचायची नाही.

सगळ्यात आधी तळाशी बघा. सरकारी कागदाची प्रमाणित प्रत कशी असावी हे कायद्याने ठरलेलं आहे. पूर्वी पुरावा अधिनियमाच्या कलम ७६ मध्ये ते होतं, १ जुलै २०२४ पासून भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ७५ मध्ये आहे. ही खरी प्रत आहे असा दाखला, तारीख, अधिकाऱ्याची सही, त्याचं नाव आणि पदनाम, आणि कार्यालयाचा शिक्का, एवढं तळाशी हवं. सही आहे पण नाव-पदनामाचा शिक्का उमटलाच नाही, किंवा शिक्का आहे पण तारीख नाही, असं होतं. दिवसभरात शेकडो कागदांवर शिक्के मारणाऱ्या माणसाकडून ते सुटू शकतं, शांतपणे दाखवलं की लगेच दुरुस्त करून देतात. तेच घरी गेल्यावर लक्षात आलं तर परत यावं लागतं. पानं दोन असतील तर दोन्हींवर शिक्का आहे का ते पाहा आणि त्यांची टाचणी काढू नका.

मग मजकूर. फर्मचं नाव अक्षर न अक्षर. क्रमांक. पत्ता. भागीदारांची नावं आणि प्रत्येकासमोर फर्ममध्ये आल्याची तारीख. निवृत्त झालेल्यांसमोर निवृत्तीची तारीख. नावातल्या चुका सर्वांत त्रासदायक असतात: पॅनवर एक आडनाव, उताऱ्यावर लग्नाआधीचं आडनाव, आधारवर वडिलांचं नाव मधे, इथे नाही. बायका भागीदार असलेल्या फर्ममध्ये हे फार दिसतं, आणि बँकेत त्याच बाईला दहा फेऱ्या पडतात. उताऱ्यावर असा फरक दिसला की त्याच आठवड्यात दुरुस्तीच्या मागे लागा.

डिजिटल सही असलेली पीडीएफ मिळाली असेल तर वेगळी काळजी. मोबाइलवर किंवा ब्राउझरमध्ये उघडली की सहीच्या चौकटीत बऱ्याचदा पिवळं प्रश्नचिन्ह दिसतं आणि माणूस घाबरतो. ती फाइल संगणकावर पीडीएफ वाचायच्या प्रोग्राममध्ये उघडा, सहीवर क्लिक करून ती तपासून घ्या, मग हिरवी खूण येते. बँकेला ही मूळ फाइलच ईमेल करा. छापलेल्या कागदावर सही तपासता येत नाही, आणि फाइल पुन्हा स्कॅन करून पाठवली तर सहीचा काही उपयोग उरत नाही.

उतारा जुनाच निघाला तर

तर घाबरायचं नाही, पण थांबायचंही नाही. भागीदार बदलल्याची नोटीस भागीदारी अधिनियमाच्या कलम ६३ खाली द्यायची असते, फर्मचं नाव किंवा मुख्य ठिकाण बदललं तर कलम ६० खाली, शाखांसाठी ६१, आणि भागीदाराचं स्वतःचं नाव-पत्ता बदललं तर ६२. सोबत नवं भागीदारीपत्र किंवा निवृत्तिपत्र लागतं. महाराष्ट्रात उशीर झाला की दंड लागतो आणि तो दिवसांवर मोजला जातो, त्यामुळे आज कळलं तर आजच सुरुवात करा. बदलाची नोंद झाली की पुन्हा एकदा उतारा काढा. नोंद झाल्याचं कुणी तोंडी सांगितलं तेवढ्यावर विसंबू नका.

एका प्रसंगात मात्र वकिलाशी बोलल्याशिवाय अर्ज करू नका. फर्म दोघांचीच होती आणि त्यातला एक वारला, तर ती भागीदारी तिथेच संपते. वारसाला घेऊन केलेली भागीदारी नवी धरली जाते. तिला जुन्याच नोंदीवर ‘बदल’ म्हणून चढवायचं का नव्याने नोंदायचं, याचं उत्तर चुकलं तर पुढे सगळंच अडतं.

वेळ लागत असेल तर

आधी आवक क्रमांक घेऊन संबंधित टेबलावर विचारा. नंतर लेखी स्मरणपत्र द्या, तेही आवकच्या शिक्क्यासह. महाराष्ट्रात २०१५ पासून लोकसेवा हक्क अधिनियम आहे. ज्या सेवा त्याखाली अधिसूचित आहेत त्यांची मुदत, जबाबदार अधिकारी आणि अपील कुणाकडे करायचं, हे कार्यालयात फलकावर लावलेलं असलं पाहिजे. मुदत उलटली की ३० दिवसांत पहिलं अपील करता येतं, त्यानंतर दुसरं आणि शेवटी लोकसेवा हक्क आयोगाकडे. अपील म्हणजे भांडण नाही. त्या कायद्यानेच दिलेला तो पुढचा टप्पा आहे, आणि सभ्य भाषेत, तारखांसह लिहिलेल्या एका पानाच्या अपिलाला खूप वजन असतं. मधल्या माणसाला ‘वरचे’ पैसे देऊन काम लवकर होतं असं सांगणारे भेटतील. त्यांच्या नादी लागू नका. त्या पैशांची पावती नसते, आणि पावती नसलेल्या कामाचा पाठपुरावा करता येत नाही.

माहिती अधिकाराचा अर्ज करू का, असंही विचारतात. प्रत मिळवायला कायद्याने दिलेला स्वतंत्र मार्ग असताना तोच धरावा. अर्जाचं काय झालं, फाइल कुणाकडे किती दिवस आहे, हे कळून घ्यायला माहिती अधिकार उत्तम.

प्रत परदेशात द्यायची असेल तर

दुबईत किंवा मस्कतमध्ये शाखा काढणारे, युरोपातल्या खरेदीदाराला फर्मची कागदपत्रं देणारे मराठी व्यावसायिक आता पुष्कळ आहेत. तिथे निबंधकाची सही पुरत नाही. फर्मचा कागद व्यापारी कागदपत्रांत मोडतो. त्याला आधी चेंबर ऑफ कॉमर्सचं साक्षांकन लागतं आणि मग केंद्राच्या परराष्ट्र मंत्रालयाचं. भारत २००५ पासून हेग अपोस्टील करारात आहे, त्यामुळे करारातल्या देशासाठी मंत्रालयाचं अपोस्टील, म्हणजे त्या देशांनी मान्य केलेला साक्षांकनाचा एकच दाखला, पुरतं. ओमान करारात आहे. संयुक्त अरब अमिरातीसाठी मात्र मंत्रालयानंतर त्यांच्या दूतावासाचं साक्षांकनही घ्यावं लागतं. मंत्रालय हे कागद थेट लोकांकडून घेत नाही, नेमलेल्या एजन्सींमार्फत घेतं. त्यांची यादी आणि दर मंत्रालयाच्या वेबसाइटवर आहेत, तिथूनच एजन्सी निवडा.

यासाठी जुनी प्रत वापरू नका. ज्याला कागद द्यायचाय त्याला किती दिवसांच्या आतली प्रत चालते हे ईमेलवर लेखी विचारा, त्या हिशोबाने निबंधकाकडे अर्ज करा आणि साक्षांकनाला लागणारे दिवस त्यात धरा. अपोस्टीलचा स्टिकर मूळ कागदाला चिकटवलेला असतो. कागद लॅमिनेट करू नका, स्टिकर सोडवू नका, आणि पाठवण्याआधी दोन्ही बाजूंचं रंगीत स्कॅन करून फर्मच्या ईमेलवर ठेवा.